कवठवाडीचा सटवा बोलतो

सटवातात्या माझ्याशी पहिल्यांदा बोलले ते भिंतीपलीकडून. लग्न होऊन मी कवठवाडीत आले त्याचा तो तिसरा दिवस. मी चुलीपुढे बसले होते, भाकरी करपते की काय या धास्तीत, आणि मागच्या भिंतीवरून एकदम खणखणीत आवाज आला.

"ओ नव्या सूनबाई! तुमची दोरीवरची साडी आमच्या शेळीनं पदराकडून खाल्ली. बाकीची शाबूत हाय. तकलीफ माफ असावी. कवठवाडीचा सटवा बोलतो!"

मी तवा सोडून उभीच राहिले. मला वाटलं, कुणी तरी मोठा सरकारी माणूस आला, आणि माझ्या साडीवरून काही तरी पंचनामा होणार. सासूबाई पीठ मळता मळता हसायला लागल्या. म्हणाल्या, "बस खाली. सटवाभावजी हायत. नाव सांगितल्याबिगर त्यायला बोलणं संपल्यावानी वाटत न्हाई."

साडी पदराकडून चांगली हातभर गेली होती. पुढे त्या शेळीशी माझी ओळख झाली, तात्यांशी झाली, तात्यांच्या बायकोशी, म्हणजे गयाकाकूंशी तर इतकी झाली की मधल्या भिंतीला आम्ही एक दगड काढून खिडकीच करून घेतली. पण पहिली ओळख ती. नाव, गाव आणि खाल्लेला पदर.

तात्या कुठेही असोत, बोलणं संपवताना नाव आणि गाव सांगायचेच. एस.टी.त चढले की कंडक्टरला म्हणायचे, "जवळा बाजार एक. कवठवाडीचा सटवा." कंडक्टर म्हणायचा, "आजोबा, नाव नाही विचारलं." दवाखान्यात डॉक्टरांनी स्टेथोस्कोप लावून "मोठा श्वास घ्या" म्हटलं की श्वास घेऊन सोडताना नाव सांगायचे. मोबाईल आला तेव्हा तर फारच सोय झाली. रानातून स्वतःच्या बायकोला फोन करायचे, "भाकर घिऊन ये, संग कांदा आण, कवठवाडीचा सटवा बोलतो." गयाकाकू फोनवर ओरडायच्या, "मला म्हाईत हाय वो, कोण बोलतं ते! दुसरं कोण मागतं मला भाकर?"

ही खोड गाण्यातून आली होती. तात्यांकडे पन्नास-साठ मेंढरं आणि सात-आठ शेळ्या. रानात दिवसभर मेंढरांमागे हिंडत ते धनगरी ओव्या गायचे, जत्रेत ढोलावर गायचे, लग्नात गायचे. त्यांच्याकडची रीत अशी, की गाणाऱ्यानं गाण्याच्या शेवटच्या ओळीत आपलं नाव आणि गाव घालायचं. ते घातल्याशिवाय ढोल थांबवायचा नाही. मी एकदा विचारलं, "तात्या, गाणं तुमचंच आहे हे लोकांना माहीतच असतं, मग नाव कशाला?"

तात्यांनी समोरचं मेंढरू धरलं. त्याच्या पाठीवर गेरूचा लाल पट्टा होता. "ह्यो रंग काहून लावतो आमी? माझं मेंढरू मी वळखतो. माझ्यासाठी न्हाई लावत. वाट चुकलं, दुसऱ्याच्या कळपात शिरलं, तर त्या माणसाला कळावं की हे सटवाचं हाय, सोडून द्या. गाण्याचं बी तसंच हाय पोरी. गाणं लई हिंडतं. मेंढरापेक्षा जास्त हिंडतं."

तात्यांचं सगळ्यात जास्त हिंडलेलं गाणं म्हणजे 'भुरी'. मी लग्न होऊन यायच्या कितीतरी आधीचं. एकदा काही भांडण होऊन गयाकाकू पंधरा दिवस माहेरी जाऊन बसल्या. तात्यांनी समजूत घालायला जायचं सोडून रानात बसून गाणं बांधलं, आणि बायकोचं नाव घ्यायची लाज वाटली म्हणून शेळीचं घातलं.

भुरी माझी रुसली बाई, पाण्यावर जाईना,
ओला पाला दावला तरी तोंड काही लावीना,
कुणा दारी बांधू हिला, कुणाचंच मानीना,
कवठवाडीचा सटवा म्हणे, हिच्याबिगर करमंना.

गाणं फिरत फिरत काकूंच्या माहेरी पोचलं, तात्यांच्या आधी. काकू आपणहून परत आल्या. "काय करता," त्या सांगायच्या, "तिथल्या बाया मला पाला दावायला लागल्या ना."

मग कॅसेटचे दिवस आले. हिंगोलीच्या एका दुकानदारानं तात्यांना बोलावलं, भिंतींना गाद्या लावलेल्या खोलीत बसवलं आणि आठ गाणी भरून घेतली. आठही गाण्यांच्या शेवटी कवठवाडीचा सटवा. कॅसेटच्या कव्हरवर तात्यांचा फोटो होता. डोळ्यांवर काळा चष्मा, अंगात दुकानदाराच्या मेव्हण्याचा कोट, डोक्याला पिवळा पटका. शेजारी एक पांढरीशुभ्र शेळी, कुठल्या तरी कॅलेंडरवरून कापून लावलेली. ते कव्हर तात्यांनी फ्रेम करून दारावर टांगलं होतं आणि येणाऱ्या प्रत्येकाला तात्या, कोट आणि चष्मा सोडून, एवढंच सांगायचे, "ती शेळी माझी न्हाई." काकू चुलीकडून म्हणायच्या, "कोट तरी कुठं तुमचा हाय!"

ती कॅसेट टेम्पोत वाजली, जीपमध्ये वाजली, जवळा बाजारच्या आठवडी बाजारात भज्यांच्या गाड्यावर वाजली. तात्या बाजारात गेले की भज्यांच्या गाड्यापाशी उगाच उभे राहायचे. गाणं संपत आलं की कान टवकारायचे, नाव ऐकलं की पुढे चालायला लागायचे. भजी घ्यायचे नाहीत.

मी कवठवाडीत आल्यावर चार-पाच वर्षांनी सिनेमावाले आले. औंढ्याच्या अलीकडे माळावर त्यांचं शूटिंग होतं, आणि त्यांना एक म्हातारा धनगर पाहिजे होता. पुण्याचा एक दाढीवाला पोरगा दिग्दर्शक होता. त्यानं तात्यांना पाहिलं, 'भुरी' ऐकलं आणि जागेवरच ठरवलं. मेंढरांसकट तात्यांना घेतलं. तात्यांचं सिनेमातलं नाव म्हादबा. त्यानं एक गाणं म्हणायचं, हिरोला रस्ता दाखवायचा, आणि पुढे साप चावून मरायचं.

अख्खी कवठवाडी टेम्पोनं शूटिंग बघायला गेली. मी आणि गयाकाकू भाकरीचं गाठोडं घेऊन सगळ्यांत पुढे. मेंढरांना त्यांचं काम पहिल्याच वेळी जमलं. तात्यांचं जमेना. तात्या बाभळीखाली बसले, कानावर हात ठेवून 'भुरी' म्हणाले, आणि शेवटी जोरात "कवठवाडीचा सटवा म्हणे" केलं.

"कट!" दिग्दर्शक म्हणाला. "तात्या, फार सुंदर. फक्त शेवटची ओळ नको."

"काहून?"

"तुम्ही आता सटवा नाही ना. तुम्ही म्हादबा आहात."

"व्हय. पण गाणं म्हादबाचं हाय का माझं?"

"गाणं तुमचंच."

"मग?"

 दिग्दर्शकानं परत घ्यायला लावलं. तात्यांनी परत नाव घातलं. असं पाच-सहा वेळा झालं. शेवटी तात्यांनाच त्याची दया आली. म्हणाले, "बरं, म्हादबाचं नाव घालतो. म्हादबाचं गाव कोनचं?"

"पिक्चरमध्ये गावाचं नाव नाहीये."

तात्या ताडकन उठून उभे राहिले. "बिनगावाचा माणूस? अन् त्याला मरायला तरी कुठं जागा दिली मंग तुमी?"

शेवटी दिग्दर्शकानं "ठीक आहे, म्हणा तुम्ही, आम्ही बघतो" असं सांगितलं. त्या 'आम्ही बघतो'चा अर्थ आम्हाला तेव्हा कळला नाही.

दुपारी मरणाचा सीन. हिरोच्या मांडीवर डोकं ठेवून तात्यांनी "लेकरा, मेंढरं संभाळ" म्हणायचं आणि मान टाकायची. तात्यांनी इतकं चांगलं म्हटलं, की माझ्या शेजारच्या बायांनी पदर डोळ्यांना लावले. मान टाकली.  हिरो रडायला लागला. आणि मेलेल्या म्हादबाच्या तोंडून बारीक आवाजात आलं, "कवठवाडीचा सटवा."

हिरो हसला, कॅमेरावाला हसला, दिग्दर्शक डोक्याला हात लावून खालीच बसला. तेव्हा गयाकाकू गर्दीतून ओरडल्या, "वो! मेलेलं माणूस नाव सांगत नसतंय!"

तात्या एक डोळा उघडून म्हणाले, "सवय हाय गं."

दुसऱ्या वेळी मात्र ते नीट मेले. काकूंनी समोरच उभं राहून तोंडावर बोट ठेवलं होतं.

सिनेमा लागला तेव्हा हिंगोलीच्या थिएटरात आम्ही दोन टेम्पो भरून गेलो. तात्यांनी धुतलेलं धोतर, नवा पटका. पडद्यावर आमचा माळ दिसला तेव्हा शिट्ट्या पडल्या, आमची मेंढरं दिसली तेव्हा पडल्या, तात्या दिसले तेव्हा तर पुढचं काही ऐकूच येईना. मग गाणं सुरू झालं आणि लोक गप्प झाले. भुरी माझी रुसली बाई. पहिली ओळ झाली, दुसरी झाली, तिसरी झाली. "कुणाचंच मानीना" झालं आणि एकदम व्हायोलिन वाजायला लागलं, हिरोचा चेहरा आला, आणि पडद्यावरची गाडी रस्त्याला लागली.

चौथी ओळ कापली होती.

मी तात्यांकडे पाहिलं. त्यांचा हात कानाकडे चाललेला. मी काकूंना कोपरानं ढोसलं, पण तोवर तात्या उठून उभे राहिलेले. पडद्याकडे तोंड करून, व्हायोलिनच्या वर आवाज काढून त्यांनी राहिलेली ओळ म्हटली, "कवठवाडीचा सटवा म्हणे, हिच्याबिगर करमंना!"

थिएटर डोक्यावर घेतलं लोकांनी. दारावरचा माणूस बॅटरी घेऊन धावत आला. तात्या त्याला शांतपणे म्हणाले, "काही न्हाई साहेब. पिक्चरमधलं जरासं राहिलं होतं, तेवढं पुरं केलं." आणि खाली बसले. मी मात्र सिनेमा संपेपर्यंत दाराकडेच बघत होते, आता पोलीस येतात की काय म्हणून. काकू पदराआड हसत होत्या. "करमंना म्हणतात बघ," मला म्हणाल्या, "सगळ्या हिंगोलीदेखत."

त्यानंतर तात्या नट झाले. एका मालिकेत त्यांना आजोबाचं काम मिळालं. चार दिवस बाजेवर बसून फक्त खोकायचं होतं. खोकला फार नावाजला गेला. पशुखाद्याच्या एका जाहिरातीत ते म्हशीच्या पाठीवर थाप मारून हसले. मेंढरं सांभाळणाऱ्या माणसाला म्हैस दिली म्हणून महिनाभर धुसफुसत होते. कुणी अभिनय कसा करायचा विचारलं तर सांगायचे, "त्यात काय अवघड हाय? गया रुसली की आपल्याला भूक न्हाई असं दावायचं. तीस वर्स करून राहिलो मी."

फक्त एक झालं. जवळा बाजारात आता त्यांना कुणी सटवा म्हणेना. भजीवाला म्हणायचा, "या म्हादबा." पोरं मागून ओरडायची, "ओ म्हादबा, साप आला!" तात्या प्रत्येकाला थांबवून सांगायचे, "म्हादबा मेला. मी कवठवाडीचा सटवा, जिता हाय." पोरांना त्याचीच गंमत वाटायची. आम्हालाही वाटायची. मीही एकदा चेष्टेनं "म्हादबा, चहा घ्या" म्हटलं होतं. त्यांनी चहा घेतला, पण त्या दिवशी माझ्याशी बोलणं संपवताना नाव सांगितलं नाही. मला दिवसभर चुकल्याचुकल्यासारखं झालं. परत कधी म्हटलं नाही.

खरा घाव बसला तो गावातल्याच एका लग्नात. भर दुपारी वरात निघालेली, पुढे डीजेच्या भिंतीएवढ्या पेट्या. त्यातून एकदम 'भुरी' सुरू झालं. तात्यांचा आवाज नव्हता. दुसऱ्याच एका पोराचा होता, मागे धाडधाड ठोके. मोबाईलवर ते गाणं लाखो लोकांनी ऐकलंय, असं कुणी तरी सांगत होतं. पोरं बेभान नाचत होती, माझा नवराही होता त्यांत. तात्या ओट्यावरून कौतुकानं बघत होते. आपलं गाणं ऐकून त्यांचा पायही हलत होता. चौथी ओळ आली. तिच्यात नाव होतं, गावही होतं. पण दोन्ही त्या पोराची होती. ती मी इथे लिहीत नाही.

तात्यांचा पाय थांबला. ते ओट्यावरून उतरले, गर्दीतून वाट काढत थेट त्या पेट्यांसमोर जाऊन उभे राहिले, कानावर हात ठेवला आणि थिएटरात गायले तसंच गायले. पण थिएटरात व्हायोलिन होतं. इथे त्यांचं तोंड हललेलं तेवढं दिसलं. मी दहा पावलांवर होते, मला अक्षर ऐकू आलं नाही. डीजेवाल्या पोरानं त्यांच्या दंडाला धरून बाजूला केलं. "बाबा, सरका तिकडं, वायर हाय," असं काही तरी म्हणाला असावा. वाईट बोलला नाही. खरंच वायर होती.

त्यानंतर तात्यांनी नाव सांगायचंच सोडलं. फोन आला की "बरं" म्हणून ठेवायचे. माझा नवरा म्हणाला, "तात्या, आपण तक्रार करू." तात्या म्हणाले, "मेंढराचा रंग पुसून दुसऱ्यानं आपला लावला, तर आता कुणाला कसं दावू की माझं हाय? ती कॅसेट वाजवायचं यंत्र तरी राहिलंय का कुणाच्या घरी?"

एके दिवशी सकाळी काकू दगड काढलेल्या खिडकीतून मला हाक मारायला लागल्या. चेहरा उतरलेला. "मंदा, ह्यायनं भाकर मागितली अन् नुसतं 'भाकर दे' म्हणले."

"मग?"

"मंग काय! मला काही सुधरंना. कुणाला देऊ म्हणलं भाकर?" आणि हसता हसता त्यांच्या डोळ्यांत पाणी आलं.

त्याच आठवड्यातली गोष्ट. मी भाकरी थापत होते आणि थापता थापता गुणगुणत होते. मला आठवीतून शाळा सोडावी लागली. पुढची शाळा लांब होती, आणि घरातून सोडायला यायला कुणी नव्हतं. ते कधी मनातून गेलं नाही. तेव्हापासून मी परातीतल्या पिठावर बोटानं अक्षरं काढायची, कुणी बघायच्या आत हातानं सारखी करायची. त्यावरच कधी तरी ओळी जुळल्या होत्या.

माझ्या माहेराच्या वाटं बाभळीची गं सावली,
पाटी ठेवली फळीला, तिथं अक्षरं राहिली,
अक्षरं गं राहिली, त्यांची धूळ कोण पुसंल,
भाकरीच्या पिठावर बोट माझं गं बसंल.

"हे कुणाचं?" भिंतीपलीकडून आवाज आला.

मी दचकले. "कुणाचंच नाही तात्या. असंच. बाया म्हणतात तसं."

"कोनच्या बाया?"

"म्हणजे... मीच."

"मंग शेवटाला नाव काहून न्हाई?"

"बायांच्या ओव्यांत कुठं नाव असतं तात्या?"

तात्या खिडकीशी आले. त्या वरातीपासून पहिल्यांदा त्यांच्या डोळ्यांत जीव दिसला, आणि तो रागाचा होता. "बिनरंगाचं सोडलंस व्हय रानात? असं कुणी बी हाकून नेईल पोरी! परत म्हण." मी लाजत, अडखळत म्हटलं. त्यांनी तीन वेळा म्हणायला लावलं आणि निघून गेले. जाताना नावही नाही सांगितलं. मला वाटलं, रागावले.

पुढच्या महिन्यात आखाडा बाळापूरला तात्यांचा सत्कार होता. शाळेच्या मैदानात मांडव, समोर चांगली हजारभर माणसं. माइकवरचा माणूस म्हणाला, "आता आपल्यापुढे येत आहेत आपल्या सर्वांचे लाडके म्हादबा!" टाळ्या पडल्या. तात्यांनी शाल घेतली, नारळ घेतला, माइक हातात घेतला. खालून पोरं ओरडायला लागली, "भुरी! भुरी!" तात्यांनी हात वर केला. म्हणाले, "भुरी चोरीला गेली. सापडली की म्हणीन. आज दुसरं मेंढरू आणलंय."

आणि कानावर हात ठेवून त्यांनी सुरुवात केली, "माझ्या माहेराच्या वाटं बाभळीची गं सावली."

मी पदर पुढे ओढला. शेजारी सासूबाई, पलीकडे मामंजी, मागे अख्खी भावकी. तात्यांनी माझी ओवी अशी वर नेली होती, की ती माझी आहे हे मलाच खरं वाटेना. चौथी ओळ झाली. ढोलवाल्यानं नावाची जागा आली म्हणून ठेका आवळला. कवठवाडीची सगळी माणसं सवयीनं ओठ हलवून तयार झाली, कवठवाडीचा म्हणायला. आणि तात्यांनी म्हटलं,

"पांगरीची मंदा म्हणे, पीठ हीच माझी पाटी."

ही ओळ त्यांनी बांधलेली होती. पांगरी माझं माहेर. तात्यांनी आयुष्यात एकच गाणं आपल्या नावाशिवाय संपवलं, ते हे.

लोक टाळ्या वाजवत होते आणि मी खाली मान घालून विचार करत होते की घरी जाऊन काय ऐकावं लागणार. घरातल्या सुनेचं नाव माइकवरून!  घरी पोचल्यावर सासूबाई थेट भिंतीपाशी गेल्या आणि ओरडल्या, "सटवाभावजी! ही काय रीत झाली?"

मी दाराआड झाले.

"पांगरीची काहून म्हणले? आमची सून हाय, कवठवाडीची म्हणायचं व्हतं ना!"

पलीकडून तात्या म्हणाले, "वैनी, गाणं तिनं माहेरावरून आणलं. ज्या रानचं मेंढरू, त्याच रानचा रंग. तिचं पुढचं गाणं तुमच्या घरावर होईल तवा कवठवाडी घालू. तवर तिला जरा नीट वागवा, म्हंजे गाणं बी नीट येईल." आणि वर म्हणाले, "कवठवाडीचा सटवा बोलतो!"

काकूंचा हसण्याचा आवाज आला. दीड महिन्यानं त्यांच्या घरची भाकर नाव सांगणाऱ्या धन्याला मिळाली.

पुढे माझ्या नवऱ्याला पार दक्षिणेत, तिरुपूरला कामाचं जमलं आणि आम्ही इकडे आलो. दोन गाड्या बदलून यावं लागतं. इथे मी बनियनच्या कारखान्यात धागे कापायच्या खात्यात आहे. बनियन हातात येतं, शिवणीला लोंबणारे धागे कापायचे, पुढे ढकलायचं. सुरुवातीला भाषा येत नव्हती, रस्ता चुकायची भीती वाटायची, म्हणून खोलीपासून कारखान्यापर्यंतची दुकानं मोजत जायची. निघताना तात्यांनी एवढंच सांगितलं होतं, "तिकडं नाव सांगत जाय. गावासकट."

दर रविवारी त्यांचा फोन यायचा. फोनवर त्यांचं नाव उमटलेलंच असायचं, तरी म्हणायचे, "मंदा का? कवठवाडीचा सटवा बोलतो. नाव सांगतीस का न्हाई?"

"तात्या, इथं नाव कुणी विचारत नाही हो. सगळ्या बायांना अक्काच म्हणतात."

"त्यायनी विचारायची वाट काहून बघतीस? मला कुणी विचारलं व्हतं का कधी?"

मग मी एकदा धीर करून शेजारच्या ओळीतल्या बाईला सांगितलं. छातीवर हात ठेवून म्हटलं, "मंदा. पांगरी." ती हसली आणि तिनं आपलं सांगितलं. तिच्या गावाचं नाव इतकं लांब होतं, की मला पाठ व्हायला तीन दिवस लागले. आता आम्ही डबा एकत्र खातो.

या वर्षी सोयाबीन निघाल्यावर एका सोमवारी, जेवणाच्या सुट्टीत काकूंचा फोन आला. सोमवारी कधी येत नाही, म्हणून डबा तसाच टाकून उचलला. तात्या सकाळी मेंढरं घेऊन माळावर गेले होते. बाभळीखाली टेकले ते तसेच. बघणाऱ्या पोरांना बराच वेळ वाटलं, तात्या म्हादबाची नक्कल करून राहिले. हसत लांबून बघत बसली.

"मी गेले तर निजल्यावानी दिसत व्हते," काकू सांगत होत्या. "मी बसले जवळ. वाट बघितली. म्हणलं आता बोलतील, मंग बोलतील. माणसं म्हणाया लागली, उठ गया, उचलायचं हाय. मी म्हणलं, थांबा जरा, त्यांचं राहिलंय."   मग म्हणाल्या, "मीच म्हणले व्हते ना गं, मेलेलं माणूस नाव सांगत नसतंय म्हून. मंग मीच कानाला लागले, अन् सांगितलं. कवठवाडीचा सटवा."

मला जाता आलं नाही. सुट्टी मिळाली असती तरी पोचायला उशीरच झाला असता.

आमच्या खोल्यांच्या रांगेत नांदेडकडची पोरं राहतात. त्यांच्या मोबाईलवर अजून ती धाडधाड ठोक्यांची 'भुरी' वाजते, दुसऱ्याच नावाची. परवा मी दारात जाऊन उभी राहिले आणि म्हटलं, "दादा, हे गाणं कवठवाडीच्या सटवाचं आहे." पोरं म्हणाली, "कोण सटवा?" तिथे सांगत बसले असते तर डाळ करपली असती, म्हणून हे सगळं बसून लिहिलं. आता त्यांना वाचायला देणार आहे.

नवऱ्यानं वाचून पाहिलं. म्हणाला, "सगळं ठीक आहे, पण खाली तुझं नाव घाल. तात्या ओरडले असते." ओरडले असते, खरं आहे. पण बाळापूरला त्यांनी आपली नावाची जागा मला दिली होती, आणि माझ्याकडे द्यायला तेवढी एकच जागा आहे. शेवटची ओळ वाचणाऱ्यानं जरा मोठ्यानं वाचावी. भिंतीपलीकडे ऐकू जाईल इतकी.

कवठवाडीचा सटवा.